खरारा आणि धन्याचा हात

पोळ्याच्या आदल्या दिवशीं बैलांची खांदेमळणी होते, दुसरे दिवशीं ते ओढ्यावर धुऊन निघतात, शिंगें रंगतात, पाठीवर झूल चढते. आणि मग वर्षभर त्या अंगास धन्याचा हात लागत नाहीं. बहुतेक गोठ्यांत हल्लीं हीच रीत पडली आहे. गाई-म्हशींची तर तेवढीहि हौस कोणी करीत नाहीं. या अनास्थेनें केवळ शोभेची हानि होते असें नव्हे, तर शेतकऱ्याच्या पैशाची व प्रसंगीं जिवाचीहि हानि होते, असें आमचें स्पष्ट मत आहे.

जनावराची कांति हा त्याच्या प्रकृतीचा उताराच होय. निरोगी जनावराचे केस मऊ व तुळतुळीत असून अंगासरसे बसतात. पोटांत जंत झाले किंवा चारा निकस असला कीं ते राठ होऊन उभे राहतात. खाण्यांत तांब्याच्या क्षारांची उणीव पडली तर काळ्या केसांवर तांबूस झांक येते. शरीरांतील पाणी कमी झालें असतां मानेची कातडी चिमटींत धरून सोडल्यास लगेच पूर्ववत् बसत नाहीं. आमचें आयुष्य महसूल खात्यांत कारकुनी करण्यांत गेलें. चावडींत बसून भरलेली पीकपाहणी किती खरी असते हें आम्ही जाणतों. गोठ्याच्या दारांतून केलेली जनावराची पाहणी तितकीच खरी असते.

आमच्या घरचेंच उदाहरण सांगतों. दोन वर्षांपूर्वीं आमच्या एका संकरित गाईनें वैरण कमी केली. उन्हामुळें असेल, असें म्हणून आम्हीं तीन दिवस दवडले. डॉक्टर आले तेव्हां अंगांत कडक ताप होता, खांद्यापुढील गांठी सुजल्या होत्या, आणि पापणीच्या आंतली बाजू पांढरी फटफटीत पडली होती. कानांच्या आंत व कासेमागें गोचिडींचे घोस लागले होते. थायलेरिया नांवाचे सूक्ष्म जंतु गोचिडीच्या दंशावाटें शरीरांत शिरून हा ताप उत्पन्न होतो. त्यावर औषध आहे, पण तें वेळेवर मिळावें लागतें. गाय गेली. दोष दुसऱ्या कोणाचा नव्हे, आमचाच. रोज अंगावरून हात फिरविला असता तर त्या गोचिडी आधींच हातास लागल्या असत्या. देशी जनावरांपेक्षां संकरितांस हा ताप फार जड जातो. म्हणून दुधाकरितां तीं बाळगणाऱ्यांनीं दुप्पट दक्ष राहावें.

कित्येक म्हणतात, "औषधाची बाटली आणली, अंगावर फवारली, कीं काम झालें. खरारा करीत बसण्यास वेळ कोणास आहे?" परंतु रक्त पिऊन टच्च फुगलेली मादी जनावरावर राहत नाहीं. ती खालीं पडते, भिंतीच्या भेगांत व दगडांच्या सांदींत शिरते आणि तेथें हजारों अंडीं घालते. गोठा तसाच ठेवून जनावर तेवढें फवारणें म्हणजे फुटका बांध न बुजवितां शेतांतलें पाणी उपसणें होय. भेगा बुजवाव्या, भिंतींस चुना द्यावा, आणि औषध डॉक्टर सांगतील त्याच प्रमाणांत वापरावें. एकच औषध अंदाजानें वारंवार मारल्यास गोचिडी त्यास दाद देईनाशा होतात. औषधानंतर जितके दिवस दूध वर्ज्य सांगितलें असेल, तितके दिवस तें घरीं वापरूं नये व विकूंहि नये.

काढलेली गोचीड नखावर चिरडण्याची खोड तर सोडलीच पाहिजे. क्रायमियन-कांगो नांवाचा घातक ज्वर सन २०११ मध्यें गुजरातेंत माणसांत आढळला. हायलोमा जातीच्या गोचिडी तो पसरवितात, आणि त्या उघड्या हातानें चिरडल्यासहि त्याची बाधा होऊं शकते. म्हणून हातमोजा घालून चिमट्यानें गोचीड काढावी, रॉकेलच्या डब्यांत टाकावी व हात साबणानें धुवावे.

खराऱ्यास खर्च तो कितीसा? काथ्याचा ब्रश घेऊन केसांच्या ओघाकडे चोळावें. मग कान, मानेखालची पोळी, जांघा व शेपटीखालची जागा नीट पाहावी. धारेच्या वेळीं मात्र हें करूं नये, कारण धूळ व केस दुधांत पडतात. म्हशीच्या अंगावर केस विरळ व कातडींत घामाच्या ग्रंथि थोड्या. तिला खराऱ्यापेक्षां पाणी अधिक हवें. दर जनावरामागें पांच मिनिटें पुरतात. सन २०२२ मध्यें लंपी चर्मरोग आपल्या प्रांतांत पसरला, तेव्हां अंगावरची पहिली गांठ ज्याच्या हातास लागली, त्यास आजारी जनावर वेळींच वेगळें बांधतां आलें. ज्यानें दुरूनच पाहिलें, त्यास तें उशिरा कळलें.

हें काम गड्यावर किंवा घरच्या बायकांवर टाकून मोकळें होऊं नये. जनावर ज्याच्या नांवावर आहे त्यानें दिवसांतून एकदां तरी तें स्वतः हातानें पाहावें. पोळ्याची झूल एका दिवसाची असते. धन्याचा हात रोजचा असला तरच ती झूल घालण्यास पुढील वर्षीं बैल दावणीस असेल.