प्रतिमागृहातील जाणता माणूस

भासाच्या ‘प्रतिमा’ नाटकाच्या तिसऱ्या अंकात, मातुलगृहाहून अयोध्येस परतणारा भरत नगराच्या वेशीबाहेर क्षणभर विसाव्यासाठी म्हणून एका मंदिरवजा वास्तूत शिरतो, आतल्या पाषाणमूर्तींचे सौष्ठव न्याहाळतो आणि या कोणी देवताच असाव्यात अशा समजुतीने मस्तक लववू लागतो. तेवढ्यात त्या वास्तूचा देवकुलिक येऊन त्याला थांबवितो आणि सांगतो की हे देव नव्हेत, इक्ष्वाकु कुळातील राजे आहेत. मग तो एकेका मूर्तीपुढे उभा राहून हा दिलीप, हा रघू, हा अज असा परिचय करून देतो. भरताच्या मनात शंका दाटू लागते. तो पुन्हा पहिल्यापासून विचारतो, आणि शेवटी, जिवंत राजांच्याही प्रतिमा येथे बसवितात काय, असा प्रश्न करतो. नाही, केवळ दिवंगतांच्याच, हे उत्तर मिळते, आणि चौथ्या मूर्तीचे नाव उच्चारले जाण्यापूर्वीच आपला पिता या जगात उरला नाही हे त्या दुर्दैवी पुत्राला कळून चुकते. मूर्ती जागच्या जागी होत्या आणि पाहणाऱ्याला डोळेही होते; तरी देवकुलिक भेटेपर्यंत त्या पाषाणातून भरताला एक अक्षरही कळलेले नव्हते.

कलासंग्रहालय जाणत्या माणसाच्या सोबतीने पाहावे, ही कल्पना परदेशातून आपल्याकडे आली असे ज्यांना वाटते, त्यांनी हा प्रसंग आठवावा. बोस्टनच्या ललितकला संग्रहालयाने १९०७ मध्ये अभ्यागतांबरोबर फिरून वस्तू समजावून देणारी माणसे नेमली आणि पुढे ही पद्धत जगभर रूढ झाली, हे खरे. आज तर मोठमोठ्या शहरांतील प्रसिद्ध संग्रहालये चार-सहा जणांच्या तुकडीला स्वतंत्र मार्गदर्शक देतात, त्याचे वेगळे शुल्क आकारतात, आणि ज्याच्या पदरी पैसा आहे तो गर्दीबाहेर शांतपणे तास-दोन तास घालवून तृप्त मनाने परततो. या खासगी फेरीला आपल्याकडे श्रीमंतांची चैन समजले जाते. ती मुळीच चैन नव्हे, जुनी वस्तू पाहण्याची ती प्राथमिक गरज आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. आणि ही गरज जितकी तीव्रतेने जुन्नर तालुक्यातील घाटघर या गावी भासते तितकी ती मुंबई-पुण्याच्या कोणत्याही दालनात भासत नाही.

जुन्नर मागे टाकून माणिकडोहच्या जलाशयाच्या कडेने पश्चिमेकडे निघाले, की चावंडचा किल्ला लागतो, पूर येथील कुकडेश्वराचे देऊळ आणि कुकडीचा उगम लागतो, आणि मग भातखाचरे, हिरड्याची झाडे व महादेव कोळ्यांच्या वाड्यावस्त्या ओलांडीत रस्ता सह्याद्रीच्या थेट काठावर, जीवधनच्या पायथ्याशी वसलेल्या घाटघरला पोहोचतो. त्याच्या पुढे नाणेघाट. कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरांत उतरलेला माल जुन्नरमार्गे पैठणपर्यंत नेणारा सातवाहनांचा हा राजमार्ग; घाटमाथ्यावर आजही एक भला मोठा दगडी रांजण उभा आहे, त्यात जकातीची नाणी टाकीत असत असे परंपरा सांगते. माथ्यावरून कोकणच्या अंगाला थोडे उतरले की कातळात कोरलेले एक लेणे लागते. या लेण्यात चैत्य नाही, देव्हारा नाही. ते सातवाहन राजकुळाचे प्रतिमागृह होते, आणि भासाच्या नाटकातील वास्तू जर कवीची कल्पना मानली तर ही तिची महाराष्ट्रभूमीवरील साक्षात जोड मानावी लागेल.

लेण्याच्या मागच्या भिंतीकडे तोंड करून उभे राहावे. भिंतीवर एकेकाळी पुरुषभर उंचीच्या प्रतिमा ओळीने उठावात कोरलेल्या होत्या. त्या आज नाहीत. पायांच्या अस्पष्ट खुणा तेवढ्या नजर सरावल्यावर जाणवतात. परंतु प्रत्येक प्रतिमेच्या मस्तकावर ब्राह्मी लिपीत जे नाव कोरले होते, त्यांतली बहुतेक नावे शाबूत आहेत. प्रथम सिमुक सातवाहन, या घराण्याचा संस्थापक. त्याच्या शेजारी देवी नागनिका आणि राजा श्रीसातकर्णी, दोघांची नावे एकाच लेखात जोडलेली. मग कुमार भायल. पुढे महारठी त्रणकयिर, जो नागनिकेचा पिता मानला जातो. नंतर कुमार हकुसिरि आणि कुमार सातवाहन. चित्रे नाहीशी झाली आणि चौकटींवरची नावे मागे राहिली, असे हे दालन आहे. ज्याला ब्राह्मी वाचता येत नाही त्याच्या दृष्टीला येथे ओलसर काळा कातळ आणि काही ओरखडे एवढेच पडते. ज्याच्या शेजारी वाचून दाखविणारा उभा आहे त्याच्यापुढे मात्र महाराष्ट्राचे पहिले ज्ञात राजकुटुंब सासरा, पती, पत्नी, पिता आणि मुले अशा नात्यांनी उभे राहते.

घाटघरच्या एका वयोवृद्ध गृहस्थांनी मला या भिंतीशी नेऊन हाताने जागा दाखविल्या होत्या. “हितं राजा-राणी हुबी हुती, म्हातारी माणसं सांगायची,” एवढे ते म्हणाले, आणि त्यांचे बोट नेमके नागनिका-सातकर्णींच्या नावाखाली टेकले. त्यांना अक्षरे येत नव्हती. पण तेथे कोणीतरी उभे होते ही स्मृती गावाने जपली होती. लिपी जाणणारे विद्वान शहरात, स्थळ जाणणारा माणूस डोंगरावर, आणि या दोहोंमध्ये कोणतीच कायमची वहिवाट नाही, ही या स्थळाची खरी कैफियत आहे.

आता बाजूच्या भिंतींकडे वळावे. डावीकडे दहा ओळी आणि उजवीकडे दहा ओळी, प्राकृत भाषेतला, सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचा हा शिलालेख एका राणीचा आहे. आरंभी धर्म, इंद्र, संकर्षण व वासुदेव, चंद्र-सूर्य आणि यम, वरुण, कुबेर, वासव या चार लोकपालांना वंदन; पुढे दक्षिणापथाचा स्वामी अशा बिरुदाने गौरविलेल्या पतीचा आणि महारठी कुळातील पित्याचा उल्लेख; आणि मग स्वतःविषयी, महिनामहिना उपवास करणारी, घरात राहूनही तापसीचे आयुष्य कंठणारी, व्रतस्थ अशी ओळख. उरलेला सारा लेख म्हणजे यज्ञांचा आणि दानांचा हिशेब आहे. अश्वमेध, राजसूय, अग्न्याधेय, गवामयन अशी यज्ञांची नावे एकामागून एक येतात, आणि प्रत्येकाची दक्षिणा एखाद्या दक्ष फडणिसाने दप्तरी नोंदावी तशी अंकांत नोंदलेली आढळते: कोठे १७०० गाई, कोठे ११,००० गाई, घोडे, हत्ती, चांदीची पात्रे, एका ठिकाणी २४,४०० कार्षापण.

या अंकांपाशी थोडे थांबलेच पाहिजे. भारतात अंकचिन्हे इतक्या मोठ्या संख्येने कोरलेली जी अगदी प्राचीन स्थळे आहेत, त्यांत नाणेघाटाचे स्थान अव्वल आहे. आपण आज २४,४०० लिहितो ते स्थानमूल्याच्या आणि शून्याच्या बळावर. नाणेघाटाच्या लेखकापाशी शून्य नव्हते. त्याने वीस हजारांचे एक चिन्ह, चार हजारांचे दुसरे आणि चारशेचे तिसरे अशी शेजारी शेजारी मांडली आणि वाचकाने त्यांची बेरीज करावी अशी योजना केली. हजाराच्या चिन्हाला चाराचे चिन्ह जोडले की चार हजार, शंभराच्या चिन्हाला सातचे जोडले की सातशे. शाळकरी मुलाला एखाद्या जाणत्याने कातळावर बोट ठेवून ही जोडणी पाच मिनिटे दाखवावी. गणिताच्या पुस्तकातील शून्याचा महिमा मग त्याला निराळा सांगावा लागणार नाही.

हा लेख आपल्यापर्यंत पोहोचला तोही अशाच दाखविणाऱ्यांच्या मालिकेतून. १८२८ मध्ये कर्नल साइक्स यांनी या लेण्याकडे विद्वानांचे लक्ष वेधले. ब्राह्मी लिपीचे कोडे उलगडणारे जेम्स प्रिन्सेप यांनी येथील अंकांचा विचार केला. जुनागडहून मुंबईस आलेल्या पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी लेखाच्या नकला घेऊन अंकांचे रहस्य सोडविले. आणि १८८३ मध्ये ब्यूलर यांनी संपूर्ण लेखाचे वाचन प्रसिद्ध केले. भगवानलाल हे डॉ. भाऊ दाजी लाड यांचे सहकारी. भायखळ्याचे १८७२ मध्ये खुले झालेले संग्रहालय १९७५ पासून त्याच भाऊ दाजींचे नाव मिरविते, ही योग्यच गोष्ट झाली; परंतु ज्या कातळावर त्यांच्या सहकाऱ्याने डोळे शिणविले, त्या कातळापाशी आलेल्या माणसाला लेख समजावून देणारे कोणी नित्य तैनात नसावे, ही विसंगती मला फार लागते.

पावसाळ्यात नाणेघाटावर माणसांची रीघ लागते. कोकणातून चढणारा वारा कड्यावरून पडणारे पाणी उलटे वर फेकतो, तो देखावा पाहण्यास तरुण मंडळी दुरून येतात, लेण्यात शिरून पाऊस चुकवितात, भिंतींकडे पाठ करून छायाचित्रे घेतात आणि निघून जातात. त्यांना दोष देण्यास माझे मन धजत नाही. ज्या अक्षरांचा अर्थ कोणी सांगितलाच नाही त्यांच्याविषयी आदर उपजावा तरी कसा? यावर फलक लावावा, किंवा भ्रमणध्वनीवर ध्वनिमुद्रित माहिती द्यावी, असा तोडगा सुचविला जातो. दोन्ही जरूर करावे. परंतु फलक उलटप्रश्नाला उत्तर देत नाही. भरताला सत्य कळले ते त्याने पुन्हा विचारले म्हणून, आणि पुन्हा सांगणारा समोर होता म्हणून. शिवाय पाहणारा कोण आहे, सहावीतली मुलगी आहे, की निवृत्त शिक्षक, की कातळ चढून दमलेला गिर्यारोहक, हे ओळखून कोठे थांबावे आणि काय वगळावे हे माणसालाच कळते. पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयातील एखादा अडकित्ता काचेआड ठेवला की तो केवळ लोखंड असतो. तो कोणत्या घरातला, कोणत्या रिवाजातला, हे सांगणारा भेटला की तोच संसाराचा एक तुकडा होतो. हजारो वस्तूंचा हा संग्रह शासनाच्या स्वाधीन करणारे दिनकर केळकर वस्तूंइतकाच त्यांच्या हकिकतींचाही संग्रह करीत, हे त्या संग्रहालयाचे मर्म होय.

तेव्हा माझी मागणी अशी. जुन्नर तालुका २०१८ साली पर्यटन तालुका म्हणून घोषित झाला. त्या घोषणेला अर्थ यावयाचा असेल तर रस्ते आणि वाहनतळ यांच्याआधी माणसांची तजवीज व्हावी. घाटघर आणि शेजारच्या वाड्यांतील दहा-बारा तरुण-तरुणींची निवड करावी. ज्या संस्थेत शिलालेखांचा अभ्यास पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे त्या पुण्याच्या डेक्कन कॉलेजसारख्या ठिकाणी त्यांना ब्राह्मीचे वाचन, सातवाहनांचा इतिहास आणि प्राचीन व्यापारी मार्गांचा परिचय रीतसर शिकवावा. परीक्षा घेऊन त्यांना सनद द्यावी, आणि भाताच्या व हिरड्याच्या हंगामांतही ती टिकून राहतील असे दरमहा मानधन ठरवून द्यावे. अजिंठा-वेरूळला परवानाधारक मार्गदर्शक असू शकतात, तर नाणेघाटाला का असू नयेत? या नेमणुकांत निम्म्या तरी स्त्रिया असाव्यात, असा माझा आग्रह आहे. आपले नाव, आपले कूळ आणि आपला हिशेब ज्या राणीने कातळावर नोंदवून ठेवला, तिचा लेख त्याच डोंगरातील मुलीने वाचून दाखवावा, यापरते उचित दुसरे काय असू शकेल?

गावचा माणूस नेमला तर तो इतिहासाऐवजी दंतकथाच सांगेल, अशी भीती काही विद्वान व्यक्त करतात. भीती निराधार नाही, पण तिचा इलाज शिक्षणात आहे, माणसाला वगळण्यात नाही. ‘नानाचा अंगठा’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सुळक्याची गोष्ट गावाने अवश्य सांगावी. फक्त ही परंपरा आणि हा लेखाचा पुरावा असा भेद स्वच्छ करून सांगावा. एवढा विवेक सनदी मार्गदर्शकाच्या अंगी बाणविणे अवघड नाही, आणि खरे तर तो पुष्कळ शिकलेल्या व्याख्यात्यांच्याही अंगी बाणवावा लागतो. पैशाचा प्रश्न त्याहूनही लहान आहे. इंधनावर आणि भोजनावर जी रक्कम पाहुणे सहज खर्च करतात, तिचा अल्पांश मार्गदर्शनासाठी द्यावयास ते कां कूं करणार नाहीत. शाळांच्या सहलींना मात्र ही सेवा विनामूल्य असावी आणि तो भार सरकारी तिजोरीने उचलावा.

तोवर वाचकांना एक विनंती आहे. घाटघरला जाल तेव्हा गावात थांबा, लेणे ठाऊक असलेल्या माणसाची चौकशी करा, त्याचा एक तास मागून घ्या आणि त्याचा मोबदला हातचे न राखता द्या. त्या नावांचे व लेखाचे देवनागरी रूपांतर घरूनच लिहून न्या. ते त्याच्यासमवेत भिंतीशी ताडून पाहा आणि निघताना तो कागद त्याच्या हाती ठेवून या. आणि पुरातत्त्व खात्याला व पर्यटन विभागाला विनंती एवढीच की सनदी नेमणुकांचा हुकूम येत्या पावसाळ्यापूर्वी निघावा, कारण गर्दी त्याच दिवसांत येते.