चंद्रलोकींचा बोलका ग्रंथ आणि त्याचे भाट

सिरानो द बेर्जेराक या फ्रेंच लेखकाचा चंद्रप्रवास त्याच्या मृत्यूनंतर दोन वर्षांनीं, १६५७ सालीं, छापून निघाला. त्यांतील ग्रंथांचें प्रकरण अलीकडे वारंवार उद्धृत केलें जातें. चंद्रावरच्या ग्रंथाला पानें नाहींत आणि अक्षरेंहि नाहींत. कथानायकास असे दोन ग्रंथ भेट मिळतात. एकाची पेटी अखंड हिऱ्याची, दुसऱ्याची प्रचंड मोतीं दुभंगून केलेली. आंत घड्याळांत असतात तशा बारीक कमानी. किल्ली द्यावी, कांटा हव्या त्या अध्यायावर फिरवावा, कीं ग्रंथ बोलूं लागतो. अशीं तीस पुस्तकें खिशांत घालून किंवा खोगिराला अडकवून तेथील लोक हिंडतात, आणि सोळा वर्षांचा पोर म्हाताऱ्यांहून बहुश्रुत असतो. नायक तर त्या पेट्या डुलांसारख्या कानांना लटकावून फिरावयास निघतो.

येथें आमच्या विद्वानांची टाळी पडते. एडिसनचा फोनोग्राफ १८७७ सालचा. म्हणजे सिरानोनें तो दोनशें वीस वर्षें आधीं पाहिला! आणि कानांतल्या डुलांचें वर्णन आलें कीं आजच्या रस्त्यावरील तरुणांकडे बोट दाखविलें जातें. या कौतुकाबद्दल आमचें भांडण नाहीं. आमचें भांडण आहे तें त्याच पुस्तकांतील आधींचीं कांहीं पानें मिटून ठेवण्याबद्दल.

त्या पानांत सिरानो सांगतो कीं, चंद्रावर दोन भाषा आहेत. थोरामोठ्यांची भाषा निव्वळ स्वरांची, शब्दांवांचून गायलेल्या चालीसारखी. बोलून गळा दमला कीं ते वीणेसारखें तंतुवाद्य घेतात. कधीं पंधरा-वीस जण जमून धर्मशास्त्रांतील एखादा कूट प्रश्न किंवा कोर्टांतला दावा गोड मेळांत वाजवून काढतात. (आमच्या कांहीं सभांतून ही पद्धत सुरू झाली तर आम्ही विरोध करणार नाहीं.) सामान्य जनांची भाषा मात्र अंगविक्षेपांची. बोट, हात, कान, ओंठ, गाल यांपैकीं एकेका अवयवाच्या हालचालींत तेथें एक वाक्य किंवा अख्खें व्याख्यान मावतें.

आतां त्या हिऱ्याच्या पेटींतून काय निघतें? सिरानोचे शब्द संदिग्ध नाहींत: चंद्रावरील थोर लोक ज्या ध्वनींनीं बोलतात ते ध्वनि. मग जो हातांनीं बोलतो त्याचा ग्रंथ कोठें आहे? पेटीला कान आहे, डोळा नाहीं. सिरानोनें स्वतः हा प्रश्न विचारलेला नाहीं, हें आम्ही कबूल करतों. परंतु दोन्ही प्रकरणें शेजारीं ठेवणाऱ्यास तो चुकवितां येणार नाहीं.

यावर उत्तर येईल कीं, ही तर थट्टा. विनोदाच्या पुस्तकावर एवढें ओझें कशाला? हें उत्तर ज्यांनीं त्याच विनोदांतून फोनोग्राफ काढला त्यांच्या तोंडीं शोभत नाहीं. भविष्य म्हणून वाचावयाचें असेल तर सगळें वाचा, कारण भविष्याचा हा दुसरा भागहि खरा झाला आहे. फोनोग्राफ निघून तीन वर्षेंहि झालीं नव्हतीं तोंच, १८८० सालीं, बहिऱ्यांच्या शिक्षकांची परिषद मिलान येथें भरली. मुलांस शिकवितांना खुणांची भाषा वापरूं नये, मुखानेंच बोलावयास लावावें, असा तिनें ठराव केला. त्यानंतर कित्येक देशांतील शाळांत खुणा करणाऱ्या मुलांना शिक्षा होऊं लागल्या. टेलिफोनचा जनक बेल याच्या प्रयोगशाळेंत फोनोग्राफची मेणावरील सुधारलेली आवृत्ति तयार झाली. आणि शाळांतून खुणांची भाषा हटवावी म्हणणारांत तोच पुढें होता. ध्वनीची पेटी ज्यानें सुधारली त्यालाच हातांची भाषा नको होती. बेलची आई व पत्नी दोघीहि बहिऱ्या होत्या, हें ध्यानांत घेतलें म्हणजे त्याच्या हेतूविषयीं शंका घेणें अन्यायाचें ठरेल. पण हेतु चांगला म्हणून परिणाम पुसला जात नाहीं.

आपली भाषा नाहींशी होईल या भीतीनें अखेर बहिऱ्यांनींच दुसरी पेटी शोधली. अमेरिकेंतील बहिऱ्यांच्या राष्ट्रीय संघानें १९१० नंतर खुणांतील भाषणें चलच्चित्रावर उतरविण्यास सुरुवात केली. जॉर्ज व्हेडिट्झ याचें १९१३ सालचें भाषण आज त्यामुळेंच पाहावयास मिळतें. मिलानचा ठराव तशाच परिषदेनें व्हँकूव्हर येथें नाकारला तो २०१० सालीं. आमच्या देशांत भारतीय खुणांच्या भाषेचा पहिला सरकारी कोश २०१८ सालीं निघाला, आणि त्यांत तीन हजार शब्द होते. श्राव्य ग्रंथांची गणती करून साक्षरतेचा नवा युगारंभ सांगणाऱ्या आमच्या लेखांत या कोशाचा उल्लेख आम्हांस अद्याप आढळलेला नाहीं.

आंधळ्यांस बोलका ग्रंथ केवढा आधार आहे हें आम्ही जाणतों. तो बंद करा असें कोण म्हणेल? ज्या कोणास सिरानोचें हें प्रकरण मराठींत आणावयाचें असेल, त्यानें पेटीच्या वर्णनाबरोबर दोन भाषांचीं तीं पानेंहि घ्यावीं, आणि तीं पेटीच्या आधीं छापावीं. मूळ पुस्तकांत तीं तशींच आहेत.