गिअरचें तेल व आपली दक्षता

पेट्रोलची चौकशी घरोघर होते. गिअरच्या तेलाची मात्र क्वचितच. कळमेश्वराहून नागपुरास नित्य मोटार नेणाऱ्या पालकांनीं हें काम केवळ मिस्त्रीचें मानावें, हें आम्हांस योग्य वाटत नाहीं. ज्या स्वयंचलित गिअरच्या गाडीस तेल मापण्याची पट्टी असते, ती सपाट जागीं उभी करून, पुस्तिकेंतील रीतीनें, मुलांदेखत पातळी पाहावी. तेल उणें आढळल्यास नेमलेलेंच तेल थोडथोडें घालावें. अति झाल्यास त्यास फेस येतो. परंतु हें तेल पेट्रोलसारखें जळून सरत नाहीं. तें घटलें म्हणजे बहुधा गळतीच असते. ती न शोधतां नुसती भर घालीत राहणें म्हणजे दोष झांकणें होय. गळती वेळींच मिस्त्रीस दाखवावी. दोष झांकण्यापेक्षां शोधावा, हें शिक्षण मुलांस घरींच मिळावें, असें आमचें मत आहे.