विलास घोगरेंच्या कपाळावरची निळी पट्टी

आनंद पटवर्धन यांच्या 'जय भीम कॉम्रेड' या माहितीपटावरून चळवळीत अजूनही वाद झडतात. सवर्ण घरातल्या दिग्दर्शकाने आमचे दुःख जगाला का सांगावे, असा सवाल केला जातो. सवाल गैर नाही. पण तो करणाऱ्या किती बांधवांनी तीन तासांहून मोठा असलेला हा माहितीपट शेवटपर्यंत पाहिला आहे?

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातला गेला. संतापून रस्त्यावर उतरलेल्या वस्तीवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळ्या झाडल्या. दहा जणांचे बळी गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपल्या झोपडीत गळफास घेतला. घोगरे अनेक वर्षे लाल झेंड्याखाली गायले. पटवर्धनांच्याच १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये त्यांचा आवाज आहे. पुढे त्यांच्या डाव्या साथीदारांनीच त्यांना पथकाबाहेर काढले. मरताना त्यांनी कपाळाला पट्टी बांधली ती निळी, आणि भिंतीवर लिहिला तो आंबेडकरी एकजुटीचा जयजयकार.

पटवर्धन स्वतः डाव्या विचारांचे. आयुष्यभर वर्गलढा गाणाऱ्याला शेवटच्या क्षणी निळ्या पट्टीचाच आधार का वाटला, या एका प्रश्नामागे ते चौदा वर्षे कॅमेरा घेऊन वस्त्यावस्त्यांतून फिरले.

उत्तर आपल्याला नवे नाही. मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्यात अस्पृश्यांना प्रवेश नव्हता. कांडी बदलताना धागा तोंडाने ओढावा लागे, आणि सवर्ण कामगाराला त्याचा विटाळ होई! मालकही तोच, भूकही तीच, पण जास्त पगाराचे खाते मात्र बंद. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न लावून धरला. जातीने कामगारालाच कामगारापासून तोडले आहे, हे ते तेव्हापासून सांगत होते. लाल बावट्याच्या पुढाऱ्यांनी ते ऐकले असते तर घोगरेंना दोन झेंड्यांत निवड करावी लागली नसती, असे आमचे स्पष्ट मत आहे.

या माहितीपटात गटागटांत वाटले गेलेले रिपब्लिकन पुढारीही सुटलेले नाहीत. ते काहींना बोचले. बोचू द्या. वस्तीला ते बोचले नाही: जानेवारी २०१२ मध्ये भायखळ्याच्या बी.आय.टी. चाळीत हा माहितीपट दाखवला गेला तो वस्तीतल्याच माणसांसमोर.

गोळीबाराचा आदेश देणाऱ्या फौजदाराला जन्मठेप झाली ती २००९ साली, म्हणजे बारा वर्षांनी; आणि तोही पुढे जामिनावर सुटला. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, ही पोलिसांची सबब. टँकर कुठे होते आणि गोळ्या कुठे झाडल्या, हे पडद्यावर पाहून घ्यावे.

राहिला कॅमेरा कोणाच्या हातात, हा सवाल. आज प्रत्येक पोराच्या खिशात कॅमेरा आहे. वस्तीतल्या म्हाताऱ्या गायकांच्या गाण्याच्या वह्या आणि जुन्या कॅसेट पत्र्याच्या पेटीत सडत आहेत. त्यांची गाणी, नाव, गाव, साल लिहून येत्या ११ जुलैच्या आत कोण टिपून ठेवणार? युवक मंडळांनी आम्हाला कळवावे.