शिकागोचा मेळा आणि रस्त्यावरचे दूध



शहरात दिवे झगमगले की देशाची प्रगती झाली, असे आम्हाला कायम ऐकवले जाते. म्हणून अमेरिकेतील शिकागो शहराचा १९३३ सालचा हिशेब एकदा मांडू या.

मंदीने देश मोडला होता. दर चार कामगारांत एक बेकार. शिकागोच्या शिक्षकांचे पगार महिनोन्‌महिने थकलेले. एप्रिलमध्ये ते हजारोंनी बँकांवर चालून गेले. त्याच शहरात २७ मे १९३३ रोजी ‘प्रगतीचे शतक’ नावाचा जागतिक मेळा उघडला. स्वातीच्या ताऱ्याचा प्रकाश यंत्राने पकडून त्यावर दिवे पेटवले!

आकाशातली स्वाती दिसली; शेजारच्या विस्कॉन्सिन राज्यातला शेतकरी दिसला नाही. त्याच महिन्यात तिथले दूध उत्पादक संपावर होते. भाव परवडेना म्हणून दूध रस्त्यावर ओतत होते आणि संगिनी व अश्रुधूर झेलत होते. मेळ्यात मात्र दुग्धव्यवसायाची खास इमारत सजली होती!

१९१९ मध्ये बुशेलभर गव्हाला शेतकऱ्याच्या हाती दोन डॉलर पडत. १९३२ मध्ये चाळीस सेंटही पडेनात. पंडित म्हणाले, माल जास्त झाला. मग भाव सावरायला सरकारने १९३३ मध्ये सुमारे ६० लाख डुकरे विकत घेऊन मारली. इकडे शहरात फुकटच्या जेवणासाठी रांगा! माल जास्त नव्हता, लोकांचे खिसे रिकामे होते. आणि खेड्याचा खिसा पडेल भावाने आधीच कापला होता.

मेळ्यावर आमचा राग नाही. तो कर्जरोख्यांवर उभा राहिला, तिकिटांवर चालला आणि १९३४ चा दुसरा हंगाम संपेपर्यंत त्याने आपले देणे फेडले. आमचा सवाल एवढाच: मेळ्याचा खर्च तिकिटातून निघालाच पाहिजे हे ज्यांना कळते, त्यांना शेतीचा खर्च भावातून निघालाच पाहिजे हे का कळू नये?

आयोवाचे शेतकरी नेते मिलो रेनो १९३२ पासून हेच मागत होते: उत्पादन खर्च आणि वर रास्त नफा. वॉशिंग्टनने मागणी फेटाळली. आमची मागणीही तीच, आणि उत्तरेही तीच मिळतात: माल जास्त झाला, शहराला महागाई सोसवणार नाही, अनुदान घ्या आणि गप्प बसा.

अनुदान नको, दया नको. शहरांनी खुशाल मेळे भरवावेत. पण ज्या प्रगतीच्या हिशेबात शेतकऱ्याचा खर्च धरलेला नाही, त्या हिशेबावर आम्ही सही करणार नाही.