मोरियाहून निरोप नाही



या महिन्यात मोबाइलच्या पासवर्डांवर लिहायचं कबूल केलं होतं. पण लिहिता लिहिता गाडी भलत्याच भुयारात शिरली, तेव्हा आधी तिथली गोष्ट सांगतो.

दिवाळीला आम्ही सगळे बडोद्याला बाबांकडे जमलो होतो. मी हैदराबादहून, ताई इंदूरहून. ताईची तेरा वर्षांची लेक फराळाचं ताट मांडीवर घेऊन 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' वाचत होती. "मामा, मोरियाच्या दारापर्यंत आलेय. पुढचं सांगायचं नाही हं!" सांगितलं नाही, पण रात्री मीच पुन्हा वाचायला बसलो. (ज्यांना स्वतः वाचायचंय त्यांनी पुढचे परिच्छेद सोडले तरी चालेल.)

ऑक्सफर्डमध्ये शिकवणाऱ्या टॉल्किन यांच्या या पुस्तकाचा पहिला भाग १९५४ साली आला. त्यातलं मोरिया म्हणजे डोंगराच्या पोटात कोरलेलं नगर. ते वसवलं ड्वार्फ लोकांनी. ठेंगणे, दाढीवाले, खाणकामात पटाईत. तिथे मिथ्रिल मिळे. चांदीसारखा चमकणारा, पोलादाहून टणक आणि तरी हलका धातू. त्याची शीर खाली खाली जात होती, तिच्यामागे खाणही खाली गेली. त्या जगाच्या तिसऱ्या युगात, १९८० साली, तळाशी लपलेलं काहीतरी जागं झालं. बालरॉग! आग आणि काळोख एकत्र झालेला प्राचीन राक्षस. त्याने आधी राजाला मारलं, पुढच्या वर्षी त्याच्या मुलाला. उरलेले लोक नगर सोडून पळाले.

हजारेक वर्षांनी, २९८९ साली, बालिन नावाचा ड्वार्फ काही साथीदार घेऊन तिथे परत गेला. पूर्वजांचं घर पुन्हा उभं करायचं म्हणून. सुरुवातीला चांगले निरोप आले : आत शिरलो, काम सुरू झालं. मग निरोप यायचे थांबले. ३०१९ साली पुस्तकातली मंडळी मोरियात शिरली तेव्हा त्यांना बालिनची कबर सापडली आणि शेजारी एक फाटकी, जळकी, डागाळलेली वही. बालिनची वसाहत पाच वर्षांतच संपली होती. पुढची पंचवीस वर्षं घरच्यांना त्याचा पत्ता नव्हता. त्या वहीची काही पानं टॉल्किननी स्वतः तयार केली होती, कडा जाळून, डाग पाडून. पण छपाईचा खर्च परवडेना म्हणून तेव्हा ती पुस्तकात आली नाहीत.

आता पासवर्ड. मोरियाच्या दारावर एक ओळ कोरलेली असते. गॅन्डाल्फसारखा जादूगार बराच वेळ मंत्र म्हणून दमतो, आणि शेवटी कळतं की परवलीचा शब्द त्या ओळीतच आहे : 'मित्र' या अर्थाचा. दार बनलं तेव्हा शेजाऱ्यांशी सलोखा होता, लपवायची गरजच नव्हती.

आमच्या बाबांचंही तसंच. फोनचा पिन चिठ्ठीवर लिहून फोनच्याच मागे चिकटवलेला. भाऊबीजेच्या दिवशी म्हटलं, आज हा बदलून टाकू. नवा पिन लिहून द्यायला पेन हवं म्हणून त्यांचा खण उघडला, तर एक वही हाती लागली. शुगरची वही. सकाळची, जेवणानंतरची, तारखेसकट. आई गेल्यापासून ते स्वतःच लिहायचे. आकडे हळूहळू चढत गेलेले. एका पानावर : "जिन्यात तोल गेला. मुलांना कळवलं नाही." मग अक्षर मोठं आणि वाकडं होत गेलेलं. सप्टेंबरनंतर पानं कोरी.

"बाबा, पुढचं का लिहिलं नाही?"

"अरे, मशीनवरचे आकडे नीट दिसेनात. म्हटलं, जाऊ दे."

दर रविवारी आमचा फोन होत होता. मी विचारायचो, "जेवलात का? बरं आहे ना?" ते म्हणायचे, "मजेत." निरोप चांगलाच होता.

माझं काम सर्व्हर सांभाळण्याचं. तिथला नियम साधा आहे. प्रत्येक मशीनने ठराविक वेळाने 'मी चालू आहे' असा निरोप द्यायचा. निरोप आला नाही की घंटा वाजते. गप्प बसलेलं मशीन ठीक आहे असं आम्ही कधीच धरत नाही. आणि नुसतं 'चालू आहे' एवढ्यावरही भागत नाही, आकडेही मागवतो. मशीनसाठी हे सगळं दहा वर्षं केलं. घरासाठी 'मजेत' पुरलं.

दुसऱ्या आठवड्यात डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेलो. डाव्या डोळ्याचं जे गेलंय ते परत येणार नाही, उजवा सांभाळू, असं ते म्हणाले. येताना रिक्षात मी बाबांना जरा रागानेच विचारलं, "सांगितलं का नाहीत?" ते म्हणाले, "तुला तिकडे कामाचा व्याप. आणि तू तरी कुठे विचारलंस?" यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं.

आता रोज सकाळी भाची इंदूरहून व्हिडिओ कॉल लावते. आजोबा मशीन कॅमेऱ्यासमोर धरतात, ती आकडा वाचते आणि वहीत उतरवते. मोरियाची वही वाचून झाल्यावर तिला हे काम मुद्दाम समजावून सांगावं लागलं नाही.

मंडळी, आपल्यातले बरेच जण घरापासून लांब आहेत. या रविवारी फोन कराल तेव्हा 'मजेत' हे उत्तर चालणार नाही असा एक तरी प्रश्न विचारा. गोळ्या किती उरल्यात? शेवटची तपासणी कधी झाली? वर्तमानपत्र वाचता येतं ना?

पासवर्डांचं पुढच्या महिन्यात, नक्की. बाबांची चिठ्ठी अजून फोनच्या मागेच आहे. फक्त अक्षर मोठं करून दिलंय.