मनमाडच्या परिषदेतला विसरलेला प्रश्न

१२ फेब्रुवारी १९३८ रोजी मनमाडच्या रेल्वे अस्पृश्य कामगार परिषदेत बाबासाहेबांनी कामगारांचे दोन शत्रू सांगितले: ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही. हे वाक्य आपण दरवर्षी भाषणात म्हणतो. त्यांनी मांडलेला प्रश्न मात्र विसरतो. अस्पृश्य कामगार गँगमनच का राहतो, पोर्टर का होत नाही? कारण पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरीही राबवत, तिथे विटाळ आडवा येई. परंपरा, ग्रंथ किंवा गुरू सांगतात म्हणून मानू नका, असे बुद्धांनी कालामांना सांगितले. मग आपणही विचारू. आज स्टेशनची सफाई कंत्राटावर कोण करते? आपल्याच संघटनेत निर्णय कोण घेते, त्यात मुली किती? येत्या १२ फेब्रुवारीच्या अभिवादनाला ही उत्तरे लिहून आणू.